पीकेएनजे म्हणजे चादर: नवी पेठेतल्या डीटीपीवाल्याचं एक वेगळं काम

दुकान लग्नपत्रिका आणि बिलबुकांचंच आहे. पण फॉन्ट उडालेला किंवा उलटसुलट टाइप झालेला मराठी मजकूर इथे वाचता येईल असा करून मिळतो. पानाला २० रुपये. हा अभिप्राय तेवढ्याच कामाचा.

पारख करायला ‘चादर’ हा शब्द पुरतो. सोलापुरातल्या जुन्या बिलांत तो हमखास सापडतो. कृतिदेव या टाइपरायटरच्या मांडणीवरच्या जुन्या फॉन्टमधली चादर तो फॉन्ट नसताना उघडली की पी-के-एन-जे दिसते. इनस्क्रिप्ट या देवनागरी कीबोर्ड मांडणीने टाइप करताना भाषा इंग्रजीवर राहिली, तर अर्धविराम-ई-ओ-जे. रोमन अक्षरांत (सी-एच-ए-डी-ए-आर) लिहिताना हात एक बटण उजवीकडे बसले, तर व्ही-जे-एस-एफ-एस-टी. ओळखायची खूण सोपी आहे: मराठीत काना सगळीकडे. पानभर ‘के’ दिसला तर टाइपरायटरची मांडणी, ‘ई’ दिसला तर इनस्क्रिप्ट, ‘एस’ दिसला तर सरकलेला हात. इथला ऑपरेटर कन्व्हर्टर (फॉन्ट बदलून देणारा प्रोग्रॅम) उघडण्याआधी हेच बघतो, आणि तिथेच अर्धं काम होतं.

हात डावीकडे सरकलेला मजकूर मात्र त्याला जमला नाही. ‘ए’च्या डावीकडे कॅप्स लॉक, त्यामुळे ‘ए’ उमटतच नाही, फक्त पुढची अक्षरं मोठी-लहान होतात. चादर होते एक्स-जी, मोठा एस, लहान ई. जिथे आकार बदलला तिथे ‘ए’ घालायचा. दुकानातून आलं नुसतं सी-एच-डी-आर.

कृतिदेवचं काम चांगलं. त्यात वेलांटी आधी टाइप होते आणि रफार शेवटी. ‘स्थिती’तली पहिली वेलांटी पूर्ण जोडाक्षर ओलांडून मागे न्यावी लागते. ती इथे बरोबर बसते. ‘दुसऱ्या’चं मात्र ‘दुसर्या’ झालं, म्हणजे कन्व्हर्टरमधला अक्षरांचा तक्ता हिंदीसाठी केलेला. ऱ्य असलेले शब्द शोधून स्वतः तपासा.

मजकूर व्हॉट्सॲपवर टाइप करून पाठवू नका, मूळ फाइलच पेनड्राइव्हवर न्या. मोबाइल वाक्याचं पहिलं अक्षर आपोआप मोठं करतो, आणि कृतिदेवमध्ये मोठा पी म्हणजे अर्धा च. मग चादरीची ‘च्ादर’ होते. जीएसटी क्रमांकाची १५ अक्षरंही आधीच वेगळी काढून ठेवा, नाहीतर तीही देवनागरीत जातात आणि बिल वाया.

श्रीलिपी या दुसऱ्या मराठी टायपिंग सॉफ्टवेअरच्या फाइलींना वरची खूण लागू नाही, कारण त्यात साठवलेले कोड म्हणजे दाबलेली बटणं नव्हेत. फॉन्टचं नेमकं नाव सांगितलंत तरच तो हात लावतो, आणि ते बरोबरच आहे. संध्याकाळी पत्रिकांची गर्दी असते, सकाळी जा.