वेरूळ की अजिंठा? दिवस एकच असेल तेव्हा

सोमवारी आला असाल तर डोकं चालवायचं कारणच नाही, अजिंठा बंद असतो. मंगळवारी वेरूळची लेणी बंद. भांडण उरतं ते बाकीच्या पाच दिवसांचं, आणि आमच्या घरात ते दर लग्नसराईत होतं. पाहुणे छत्रपती संभाजीनगरात कार्याला येतात, कार्य उरकतं, परतीची गाडी दुसऱ्या रात्रीची असते. मग सकाळच्या चहाला कुणीतरी काका विचारतातच, "अजिंठा-वेरूळ करून टाकू की! दोन्ही होईल ना एका दिवसात?"

नाही होत. 'अजिंठा-वेरूळ' हे जोडनाव शाळेच्या पुस्तकापासून तोंडात बसलंय, दोन्ही ठिकाणं जागतिक वारसा यादीत आली तीसुद्धा एकाच वर्षी, १९८३ साली. त्यामुळे दोन्ही शेजारीशेजारी असावीत असं वाटतं. प्रत्यक्षात वेरूळ शहरापासून ३० किलोमीटर एका दिशेला आणि अजिंठा साधारण १०० किलोमीटर दुसऱ्याच दिशेला, सिल्लोडवरून जळगावच्या वाटेवर. दोन्ही एका दिवसात उरकणारे लोक मी पाहिलेत. संध्याकाळी त्यांना विचारलं तर आठवतो तो फक्त रस्ता.

तेव्हा एकच निवडायचं. गाडी करून, सोबत गाईड घेऊन जायचं असेल तर माझं मत आधीच सांगून टाकतो: वेरूळच्या बाजूला गेलात तर गाडीचे पैसे वसूल होतात, अजिंठ्याला गेलात तर गाईडचे.

वेरूळची बाजू: थांबेच थांबे

वेरूळला जाणं म्हणजे नुसती लेणी बघणं नव्हे. अर्ध्या वाटेवर देवगिरी, म्हणजे दौलताबादचा किल्ला. पुढे घाट चढून खुलताबाद. मग घृष्णेश्वर, आणि देवळापासून चालत जाण्याइतक्या अंतरावर लेणी. चार ठिकाणं, चारही वेगळ्या जातकुळीची, आणि प्रत्येक ठिकाणी किती वेळ लागेल हे आधी सांगता येत नाही. सहलीच्या बसमध्ये कंडक्टर शिट्टी मारतो तेव्हा तुम्ही घृष्णेश्वराच्या रांगेत मध्यभागी असता. गाडी आपली असली की निदान ती चिंता नाही.

घृष्णेश्वराचंच घ्या. बारा ज्योतिर्लिंगांपैकी एक, त्यामुळे श्रावणात, सोमवारी आणि महाशिवरात्रीला रांग कुठवर जाईल सांगता येत नाही. मोबाईल आत नेता येत नाही. गाभाऱ्यात जायचं तर पुरुषांनी सदरा-बनियन काढायचा. गेल्या खेपेला बाबांनी सदऱ्याची घडी करून काखेत मारली, चष्मा हातात धरला आणि उघड्या अंगाने त्या ठेंगण्या दारातून वाकून आत गेले. बाहेर आल्यावर पहिलं वाक्य, "मोबाईल, पाकीट, चपला सगळं गाडीतच राहिलं हे बरं झालं." बसने आलेल्या माणसाला हेच सगळं कुणाच्या तरी भरवशावर ठेवावं लागतं.

देऊळ बघताना हेही लक्षात असू द्या की वेरूळची पाटीलकी भोसल्यांकडे होती. शिवाजी महाराजांचे आजोबा मालोजीराजे यांनी या देवळाचा जीर्णोद्धार केला, पुढे अठराव्या शतकात होळकरांच्या काळात ते पुन्हा बांधलं गेलं. लाल दगडातलं शिखर मान वर करून नीट बघा. दर्शन झालं की लोक थेट प्रसादाच्या दुकानांकडे वळतात, शिखर राहूनच जातं.

देवगिरीबद्दल दोन गोष्टी. भिल्लम यादवाची ही राजधानी, १२९६ साली अल्लाउद्दीन खिलजीने रामदेवरायावर चाल केली ती इथेच, आणि १३२७ मध्ये महंमद तुघलकाने दिल्ली हलवली तीही इथेच. पण आमच्या आईला यातलं काही नको असतं. तिला हवी असते जनार्दनस्वामींची जागा, कारण एकनाथ महाराज गुरूच्या शोधात आले ते याच गडावर. दुसरी गोष्ट म्हणजे पायऱ्या. वरपर्यंत साडेसातशेच्या आसपास आहेत, त्यात मध्ये ती 'अंधारी', वळणावळणाचा काळाकुट्ट भुयारी मार्ग, वटवाघळांच्या वासासकट. वर जायचं तर सकाळी आठच्या आत चढायला लागा. नाहीतर चांदमिनार, भारतमाता मंदिर आणि चिनी महाल एवढं बघून मागे फिरा. गोवळकोंड्याचा शेवटचा कुतुबशहा ताना शाह याला चिनी महालात कैदेत ठेवलं होतं. गुडघे कुरकुरणाऱ्याला तिथवर पोचलं तरी किल्ला पाहिल्याचं समाधान मिळतं.

खुलताबाद बहुतेक लोक खिडकीतून बघतात. घाईत असाल तर भद्रा मारुतीला मात्र उतरा. निजलेला मारुती आहे, अशी मूर्ती सहसा दिसत नाही, आणि श्रावणी शनिवारी शहरातून माणसं रात्रभर चालत येतात ती इथेच. औरंगजेब १७०७ साली नगरजवळ वारला, त्याची कबरही याच गावात, झैनुद्दीन शिराझींच्या दर्ग्याच्या आवारात. बांधकाम म्हणून बघायला गेलात तर हिरमोड होईल, कारण कबर साधी मातीची, उघड्यावरची. भोवतीची संगमरवरी जाळी लॉर्ड कर्झनच्या काळातली. मलिक अंबरची कबर मात्र खरोखर बघण्यासारखी आहे, आणि तिच्याकडे कुणी फिरकत नाही.

आणि लेणी. एकूण ३४. १ ते १२ बौद्ध, १३ ते २९ हिंदू, ३० ते ३४ जैन. सगळी बघायचा हट्ट धरू नका. १०, १६, २९ आणि ३२, एवढी नीट बघितली तरी दिवस सार्थकी लागतो. दहावं म्हणजे विश्वकर्मा, गावातले लोक 'सुताराची झोपडी' म्हणतात. छताला दगडातच लाकडी वाशांसारख्या फासळ्या कोरल्यात, आणि आत कुणी खालच्या आवाजात जरी काही म्हटलं तरी ते घुमत राहतं. सोळावं कैलास. राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण, आठवं शतक. डोंगर वरून खाली कोरत आणलाय, त्यामुळे चूक झाली तर दगड परत लावायची सोय नाही. हे देऊळ पाहून देवही चकित झाले आणि खुद्द शिल्पकारालाही 'हे मी कसं केलं?' असं वाटलं, असं नवव्या शतकातल्या एका राष्ट्रकूट ताम्रपटात म्हटलंय. बाराशे वर्षांपूर्वीची ही दाद वाचली की आजच्या 'परग्रहवासीयांनी बांधलं' वाल्यांची कीव येते.

एक युक्ती. लेण्यांची तोंडं पश्चिमेला आहेत. सकाळी कैलास सावलीत असतो, दुपारी तीननंतर उन्हं आत शिरतात आणि रावणाने कैलास हलवल्याचं शिल्प जिवंत होतं. म्हणून क्रम असा: पहाटे निघून किल्ला, मग देऊळ, जेवण, आणि लेणी शेवटी. हा क्रम फक्त आपल्या गाडीला जमतो. जैन लेणी बाकीच्यांपासून उत्तरेला एक-दीड किलोमीटर लांब आहेत, एवढं ध्यानात असू द्या. चालून दमलेले लोक तीच गाळतात आणि ३२व्या लेण्याच्या छतावरचं कमळ त्यांचं हुकतं.

गाईड इथे घ्यावा का? कैलासपुरता जरूर घ्या. बाकी पाट्या आहेत, मूर्ती ओळखीच्या आहेत. शिवपार्वती सारीपाट खेळतायत हे सांगायला आपल्याला माणूस लागत नाही, नातवंडांना आजीच सांगते.

अजिंठा: एकच थांबा, पण आत जायला बोट धरणारा हवा

अजिंठ्याचं गणित अगदी उलटं. अडीच-तीन तास प्रवास, आणि फर्दापूरच्या टी पॉइंटला तुमची गाडी थांबते. पुढचे चार किलोमीटर तिथल्या बसनेच. म्हणजे कितीही भारी गाडी केलीत तरी शेवटी रांगेत सगळे सारखे. पुढे पायऱ्या, आणि मग वाघोरा नदीच्या नालाकृती वळणावर ओळीने लेणी. चढण झेपणार नसेल त्यांच्यासाठी डोली मिळते. गाडीचा उपयोग एवढाच की परतीला घाटात डोळा लागला तर कुणी उठवत नाही.

पण आत? अजिंठ्याला मी पहिल्यांदा गाईडशिवाय गेलो. पहिल्या लेण्यात शिरलो, डोळे अंधाराला सरावेपर्यंत मागचे लोक ढकलायला लागले, पद्मपाणी दिसला, बरं वाटलं, बाहेर आलो. घरी येऊन पुस्तक उघडल्यावर कळलं की त्याच लेण्यात एका खांबावर चार हरणांना मिळून एकच डोकं आहे. मी त्याच खांबाला टेकून बुटांच्या नाड्या बांधल्या असणार.

दुसऱ्यांदा गाईड होता. गर्भगृहातल्या बुद्धाकडे त्याने उजवीकडून बघायला लावलं, मग डावीकडून, मग समोरून. उजेड बदलला की चेहरा बदलतो, एकीकडून हसरा, एकीकडून गंभीर. सतराव्या लेण्यात भिंतीपाशी नेऊन विश्वंतर जातक कुठे सुरू होतं आणि कुठे संपतं ते बोटाने हवेत रेघ ओढून दाखवलं. चित्रांना क्रम असतो हेच मला तोवर माहीत नव्हतं. वेरूळच्या मूर्ती आपल्याला पुराणातून पाठ असतात. जातककथा आपल्यापैकी किती जणांना येतात? गाईडचे पैसे वसूल होतात ते इथे.

दहाव्या लेण्यातली एक गोष्ट मात्र कुणी दाखवली नाही तर दिसणारच नाही. २८ एप्रिल १८१९ ला जॉन स्मिथ हा इंग्रज अधिकारी शिकारीला आला होता, त्याला ही लेणी सापडली आणि पठ्ठ्याने एका खांबावर चित्रावरच आपलं नाव कोरलं. ते आज आपल्या डोक्याच्याही वर आहे. तेव्हा लेण्यात माणूसभर राडारोडा साचला होता, तो त्यावर उभा होता. त्या कोरलेल्या अक्षरांकडे मान वर करून बघताना हजारभर वर्षांचं विस्मरण किती जाड होतं ते मोजूनच मिळतं. (सहलीला जाऊन भिंतीवर नावं कोरणाऱ्यांचा हा मूळपुरुष. पण त्याला निदान लेणी सापडली होती.)

काळाचंही थोडं. ९, १०, १२ आणि १३ ही लेणी इसवी सनाच्या आधीची, बाकी बहुतेक पाचव्या शतकातली, वाकाटक राजा हरिषेणाच्या काळातली. वेळ कमी असेल तर १, २, १६, १७ चित्रांसाठी, १० त्या सहीसाठी आणि २६ झोपलेल्या बुद्धासाठी. सव्विसावं शेवटाकडे आहे, तिथवर जायचा कंटाळा करू नका. सात मीटर लांबीचं महापरिनिर्वाण, खाली रडणारे शिष्य, वर आनंदाने स्वागताला आलेले देव. फ्लॅश मारायला सगळीकडे बंदी आहे, चित्रांच्या लेण्यांत चपला बाहेर काढाव्या लागतात. मोजे बरोबर ठेवा, उन्हात दगड चटके देतो.

पूजाअर्चा, दर्शन, नारळ यातलं इथे काही नाही. हे मुद्दाम सांगतोय, कारण आमची आत्या दिवसभर फिरून संध्याकाळी म्हणाली होती, "छान होतं रे, पण देव कुठे होता?"

गाडीत कोण आहे ते बघा

सत्तरीचे आई-वडील असतील तर वेरूळ, यात मला दुमत दिसत नाही. कुठल्याही थांब्यावर एक जण गाडीत बसून राहू शकतो, देवदर्शन होतं, किल्ला वगळता येतो. लहान मुलं असतील तरी वेरूळच, कारण अंधारी आणि तोफा. पंधरा वर्षांखालच्या मुलांना दोन्हीकडे तिकीट लागत नाही.

तुम्ही दोघं-तिघंच आहात, चित्रं बघायची आवड आहे, एकाच ठिकाणी चार तास रमू शकता, तर अजिंठा. एकट्याने जाणार असाल तर गाडी करूच नका. जळगावकडे जाणारी एसटी टी पॉइंटला सोडते, वाचलेले पैसे गाईडला द्या.

ठरवताना दोन गोष्टी तोंडी नव्हे, मोबाईलवर लिहून घ्या. एक, दर किलोमीटरवर आहे की दिवसावर, आणि पार्किंग-टोल कुणाचा. दोन, दुकानांत थांबायचं नाही. आमच्या एका खेपेला चालकाने 'दहाच मिनिटं' म्हणत हिमरू शालींच्या दुकानात नेलं, तिथून पैठणीच्या, आणि कैलासाला पोचेपर्यंत उन्हं कलली होती. शाली चांगल्या होत्या, तो भाग वेगळा. आणि चालक म्हणजे गाईड नव्हे. 'मीच सगळं सांगतो साहेब' असं कुणी म्हणालं तर हसून नको म्हणा. गाईड तिकीट खिडकीपाशी मिळतो, त्याचं पर्यटन खात्याचं ओळखपत्र बघा, आणि कुठली लेणी दाखवणार, किती वेळ देणार हे आत जायच्या आधीच विचारा.

गेल्या महिन्यात हेच सगळं काकांना चहावर ऐकवलं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं, बशीतला चहा संपवला आणि काकूंना विचारलं, "आज वार कोणता?" मंगळवार होता. साडेसातला गाडी सिल्लोडच्या रस्त्याला लागली.