द डॉलमेकर (हॅरिएट आर्नो) – पाचपैकी पाच, पण निवांत वाचा

आधीच सांगते, ही अमेरिकन कादंबरी जाडजूड आहे, पाचशेच्या वर पानं, टाइप बारीक, आणि सुरुवातीला इंग्रजी जरा जड जातं कारण सगळी माणसं अमेरिकेतल्या केंटकी राज्याच्या डोंगरातली बोली बोलतात आणि लेखिकेनं ती कानावर पडते तशीच लिहून काढलीय. नागपुरात बर्डीवरच्या दुकानांत विचारलं, कोणाकडेच नव्हतं, मग ऑनलाइन मागवलं. पेपरबॅक आहे, बाइंडिंग मजबूत, मे महिनाभर कूलरसमोर पडून वाचून राहिली होती तरी एक पान सुटलं नाही. वस्तू म्हणून एवढंच, आता खरं बोलू.

गर्टी नेवल्स नावाची धिप्पाड बाई, पाच लेकरांची आई, हातात चाकू असला की लाकडातून काहीही कोरून काढणारी. पहिल्याच प्रकरणात ती आजारी पोराला घेऊन खेचरावर बसून निघालीय, पोराचा श्वास कोंडून राहिला, ती रस्त्यात मिलिटरी अधिकाऱ्याची गाडी जबरदस्तीनं थांबवते आणि तिथंच चाकूनं पोराचा गळा चिरून श्वासाला वाट करून देते, लाकडाची बारीक नळी कोरून आत बसवते. मी तेवढी पानं संपल्यावर पुस्तक बाजूला ठेवून पाणी प्यायली आणि परत पहिल्यापासून वाचली. कारण आर्नो कुठंच म्हणत नाही की बघा ही किती शूर, ती फक्त हात काय करतात ते सांगत जाते.

या बाईला एकच गोष्ट पाहिजे, स्वतःच्या मालकीचं शेत. वर्षानुवर्षं पैसा पैसा जोडून कोटाच्या अस्तरात लपवलाय, नवऱ्यालाही पत्ता नाही. दुसरं महायुद्ध सुरू आहे, नवरा क्लोव्हिस मिशिगन राज्यातल्या डेट्रॉइट शहरात कारखान्यात कामाला गेलाय, इकडे तिला मनासारखी जमीन मिळतेय, व्यवहार ठरलाय, आणि तेव्हा तिची स्वतःची आई बायबल पुढे करून सांगते की बायकोची जागा नवऱ्याजवळ. झालं. पोरं घेऊन गर्टी डेट्रॉइटला. आईचा तो प्रसंग मला पूर्ण कादंबरीत सगळ्यात भयंकर वाटला, पुढे मरण आहे, संप आहे, मारामाऱ्या आहेत, तरीसुद्धा. कारण इथं कोणी दुष्ट नाही, सगळे तिच्या भल्याचंच बोलून राहिले आणि तिचं शेत जातं.

डेट्रॉइटचा भाग लांब आहे आणि तो तसाच पाहिजे. कामगारांच्या सरकारी वसाहतीतलं खुराडं, पातळ भिंती, शेजाऱ्याचा खोकलाही ऐकू येतो, जवळून रेल्वे जाते, रात्री स्टील मिलचा उजेड. नवरा हप्त्यावर फ्रिज घेतो. शाळेत पोरांना हिलबिली, म्हणजे डोंगरातले गावंढळ, म्हणून चिडवतात आणि मास्तरणीचं एकच म्हणणं, ॲडजस्ट करा. थोरला रूबेन करत नाही, निघून जातो. धाकटी कॅसी एका काल्पनिक मैत्रिणीशी बोलत असते, शेजारपाजारच्यांच्या बोलण्यानं गर्टी तिला ते बंद करायला लावते, आणि पुढे जे होतं ते मी सांगणार नाही, पण लेकरं असतील तर ती प्रकरणं रात्री वाचू नका. गर्टीजवळ जंगली चेरीचा मोठा ओंडका आहे, त्यातून तिला एक चेहरा कोरायचाय, येशूचा की त्याला पकडून देणाऱ्या यहूदाचा हे तिचं तिलाच ठरत नाही. नवरा म्हणतो ते सोड, मशीनवर पटापट कापून रंगवलेल्या बाहुल्या विक, पैसे येतील. नावातल्या बाहुल्या त्या.

हिंगणा, बुटीबोरीच्या एमआयडीसीत भंडारा-गडचिरोलीकडून आलेल्या बाया भाड्याच्या एका खोलीत कशा राहतात ते ज्यांनी पाहिलंय त्यांना हे पुस्तक परकं वाटायचं नाही. माझ्या आजीचं गाव कुहीकडचं, गोसेखुर्द धरणाच्या पाण्यात गेलं, मोबदला मिळाला, प्लॉट मिळाला, पण कोणत्या बांधावर कोणतं झाड होतं हे ती शेवटपर्यंत सांगत होती आणि ते आता कोणाच्या कामाचं नव्हतं. गर्टीला जे जे येतं ते शहरात असंच बिनकामाचं होत जातं, हे आर्नोनं इतकं बारकाईनं लिहिलंय की बस.

आर्नोला हे ठाऊक होतं कारण ती स्वतः त्यातूनच गेली. जन्म १९०८, केंटकीतल्या वेन काउंटीत, लहानपण कम्बरलँड नदीकाठच्या बर्नसाइड गावात. पुढे धरणाचं पाणी चढलं आणि जुन्या बर्नसाइडचा बराच भाग त्यात गेला, त्या गावावर तिनं १९७७ मध्ये पुस्तक लिहिलं. आईवडील शिक्षक, तीही डोंगरातल्या एका खोलीच्या शाळेत शिकवायला गेली आणि त्यावरून पहिली कादंबरी आली, माउंटन पाथ, १९३६. सिनसिनाटीत वेट्रेसचं काम करत लिहिलं. हॅरल्ड आर्नो या पत्रकाराशी १९३९ मध्ये लग्न, मग दोघांनी केंटकीत शेती करून पाहिली, आणि युद्धाच्या काळात डेट्रॉइटला तसल्याच सरकारी वसाहतीत राहायला गेले. द डॉलमेकर १९५४ ची. नॅशनल बुक अवॉर्ड या अमेरिकेतल्या मोठ्या पुरस्काराच्या शेवटच्या यादीत होती, मिळालं कादंबरीकार विल्यम फॉकनरला. माझ्या मते त्या वर्षी ते हिलाच मिळायला पाहिजे होतं. १९८६ मध्ये ती गेली, मिशिगनमध्येच.

कम्बरलँडच्या पहिल्या वसाहतवाल्यांवर तिची इतिहासाची दोन मोठी पुस्तकं आहेत, सीडटाइम ऑन द कम्बरलँड आणि फ्लॉवरिंग ऑफ द कम्बरलँड. कादंबऱ्यांत हंटर्स हॉर्न, १९४९ ची, जरूर घ्या. एक शेतकरी एका कोल्ह्याच्या मागे वेडा होतो, कुत्र्यांवर पैसा घालतो आणि घर उपाशी. त्यात त्याच्या मुलीचं जे होतं त्याचा मला इतका राग आला की दोन दिवस बापाच्या पात्राला मनात शिव्या घालत होती.

तक्रार एकच, शेवटच्या तिसऱ्या भागात संप आणि युनियनच्या गल्लीतल्या भांडणांत इतकी नावं येतात की कोण कोणाच्या बाजूनं हे मागे जाऊन बघावं लागतं, कागदावर नावं लिहून ठेवा. बोलीचं टेन्शन घेऊ नका, संवाद मोठ्यानं वाचा, अर्थ लागत जातो, मी कित्येक ठिकाणी तसंच केलं.

१९८४ मध्ये यावर टीव्ही फिल्म निघाली, अभिनेत्री जेन फोंडा गर्टी झालीय आणि तिला त्यासाठी एमी हा टीव्हीचा पुरस्कार मिळाला. काम छानच केलंय तिनं, पण शेवट कादंबरीपेक्षा बराच गोड करून टाकलाय, म्हणून आधी पुस्तक संपवा आणि मगच फिल्म बघा.