पोत्सुओली ते बाकोली: एका दिवसाच्या सहलीचा आठ महिन्यांनंतरचा अनुभव

सिमेंटच्या पोत्यावरची ‘पीपीसी’ (पोर्टलंड पोझोलाना सिमेंट) ही तीन अक्षरे मी पाटबंधाऱ्याच्या नोकरीत एकतीस वर्षे वाचली, मोजमाप पुस्तिकेत लिहिली आणि त्यांवरून ठेकेदारांशी वादही घातले; परंतु त्यांतला मधला ‘पी’ म्हणजे जो पोझोलाना, चुन्यात मिसळली की घट्ट होणारी ज्वालामुखी राख, त्याचे नाव नेपल्सच्या पश्चिमेकडील पोत्सुओली या गावावरून पडले आहे, हे मला निवृत्तीनंतर त्या गावाच्या बंदरावर उभा असताना कळले. मुलाकडे जर्मनीत गेलो असता गेल्या ऑक्टोबरात आम्ही दोघे पती-पत्नी नेपल्सला चार दिवस राहिलो, आणि पाँपेई आदल्या दिवशी पाहून झाल्यावर काम्पी फ्लेग्रेई या ज्वालामुखी प्रदेशाची, मार्गदर्शकासह नऊ तासांची, आठ जणांच्या गाडीतली सहल घेतली. सहलीनंतर लगेच लिहिले असते, तर त्यात तक्रारीच जास्त आल्या असत्या. आठ महिन्यांनी लिहितो आहे, कारण मधल्या काळात यातले काय मनातून गेले आणि काय परत परत आठवत राहिले, हे आता सांगता येते.

प्रथम जागेविषयी, कारण बहुतेकांचा गोंधळ तेथेच होतो. ज्वालामुखी म्हटले की आपण शंकूच्या आकाराचा डोंगर शोधू लागतो. नेपल्सच्या पूर्वेला व्हेसुव्हियस तसा आहेही. काम्पी फ्लेग्रेई हे मात्र बारा ते पंधरा किलोमीटर रुंदीचे खचलेले कुंड आहे, त्याचा काही भाग समुद्राखाली आहे आणि उरलेल्या भागात माणसांनी गजबजलेली गावे वसली आहेत. म्हणजे डोंगर पाहायला जायचे नसून आपण त्याच्या पोटातच दिवसभर हिंडत असतो. ही गोष्ट आमच्या मार्गदर्शक बाईंनी गाडी सुरू होताच एका कागदावर पेनाने रेघ काढून समजावली, आणि पुढचे सगळे ठिकाण त्या रेघेवर कोठे येते ते प्रत्येक थांब्यावर तोच कागद काढून दाखवले. त्या भूगर्भशास्त्र शिकलेल्या होत्या, आणि सहलीची निम्मी किंमत त्या कागदातच वसूल झाली असे माझे आजही मत आहे.

पहिला थांबा पोत्सुओलीतला रोमन बाजार. १७५० मध्ये खोदताना तेथे सेरापिस देवाची मूर्ती सापडली, म्हणून त्याला बरीच वर्षे देऊळ समजले गेले. प्रत्यक्षात तो माकेल्लुम, म्हणजे अन्नधान्याची मंडई. आत उतरता येत नाही, रस्त्याच्या कठड्यावरून पाहावे लागते, आणि आमच्यातल्या दोघांनी ‘तीन खांब तर आहेत’ म्हणून लगेच मोबाइल खिशात टाकले. बाईंनी दुर्बीण पुढे केली. संगमरवरी खांब पायापासून सुमारे बारा फुटांपर्यंत गुळगुळीत आहेत, आणि त्याच्या वर नऊएक फुटांचा पट्टा किडलेल्या दातासारखा छिद्राछिद्रांचा आहे. दगड पोखरणारे शिंपले ती छिद्रे पाडतात, आणि ते समुद्राच्या पाण्यातच जगतात. म्हणजे हे खांब उभेच्या उभे समुद्रात गेले, खालचा भाग गाळात गाडलेला राहिल्यामुळे वाचला, वरचा पोखरला गेला, आणि नंतर जमीन पुन्हा वर आली. इतक्या उलाढालीत खांब पडले मात्र नाहीत. चार्ल्स लायेल यांनी १८३० मध्ये आपल्या भूशास्त्राच्या ग्रंथाच्या आरंभी याच खांबांचे चित्र छापले. धरणाच्या भिंतीत मिलिमीटरभर हालचाल नोंदली गेली की रात्री झोप न येणाऱ्या खात्यात मी आयुष्य काढले आहे, त्यामुळे त्या कठड्याजवळून मला हलवायला हिला दोनदा हाक मारावी लागली.

जमिनीच्या या वरखाली होण्याला तिकडे ब्रॅडिसिस्मो म्हणतात. ते आजही चालू आहे. १९७० मध्ये रिओने तेर्रा ही टेकडीवरची जुनी वस्ती सक्तीने रिकामी केली गेली. १९८२ ते १९८४ या काळात जमीन सुमारे १.८ मीटर उचलली गेली आणि हजारो लोकांना नव्या वसाहतींत हलवावे लागले. आणि २००५ पासून पुन्हा चढ सुरू होऊन तो आता सव्वा मीटरच्या पुढे गेला आहे. बंदराच्या जुन्या गोदीत होड्या चिखलात टेकलेल्या दिसतात, कारण पाणी तेवढेच आहे आणि तळ वर आला आहे. आम्ही कॉफी पीत असताना एक बारीक धक्का बसला. बश्या किणकिणल्या, गल्ल्यावरच्या माणसाने मानही वर केली नाही. १९६७ च्या डिसेंबरात कोयनेचा भूकंप झाला तेव्हा मी कराडला शाळेत होतो, आणि नंतर कितीतरी वर्षे आमच्या घरी लहान धक्क्यांना कोणी जागेवरून उठत नसे. त्या माणसाचे न बघणे मला ओळखीचे वाटले.

फ्लाव्हियन रंगमंडळ, म्हणजे तेथले ॲम्फीथिएटर, वरून पाहिले तर रोमच्या कोलोसियमपुढे साधे वाटते. त्याची खरी गंमत तळघरात आहे. छताच्या चौकोनी भोकांतून खाली उन्हाचे पट्टे पडतात, आणि याच भोकांतून जनावरांचे पिंजरे वर ओढून घेत असत. तुटलेले खांब मधल्या वाटेत ओंडक्यांसारखे आडवे पडून आहेत. कोलोसियमच्या तळघरात मिळणार नाही एवढी शांतता येथे होती. आमच्याखेरीज आत एक शाळकरी मुलांचा गट होता, बस्स.

आता पहिली तक्रार. सहलीच्या जाहिरातीत पिवळ्या गंधकाच्या जमिनीतून वाफ उठत असल्याचे मोठे छायाचित्र होते, आणि ते उघडच सोल्फताराचे होते. सोल्फतारा हे विवर २०१७ च्या सप्टेंबरात एकाच कुटुंबातील तिघांचा तेथे मृत्यू झाल्यापासून पर्यटकांसाठी बंद आहे. बाईंनी हे सकाळीच प्रामाणिकपणे सांगितले, पण जाहिरात करणाऱ्यांनी ते पैसे घेण्याआधी सांगायला हवे होते. आम्हाला कुंपणाबाहेरून सडक्या अंड्यांचा वास तेवढा मिळाला. मी संस्थेला दोनदा पत्र लिहिले; उत्तर नम्र आले, छायाचित्र मात्र गेल्या महिन्यात पाहिले तेव्हाही जागेवरच होते.

दुपारचे जेवण आव्हेर्नो तळ्याकाठी. हेही एक विवरच आहे, पाण्याने भरलेले, आणि रोमन कवी व्हर्जिलने पाताळाची वाट येथून जाते असे लिहिले. आज भोवती द्राक्षांचे मळे आहेत आणि पाण्यावर बदके पोहतात. शाकाहारी मंडळींनी आधी कळवावे, नाहीतर टोमॅटो घातलेल्या पास्त्यावर भागवावे लागते. जेवणाला दीड तास दिला गेला, आणि तो कूमाच्या वेळेतून कापला गेला, ही माझी दुसरी तक्रार. जेवणाच्या जागेवरून मोन्ते नुओव्हो, म्हणजे ‘नवा डोंगर’, दिसतो: १५३८ च्या सप्टेंबर अखेरीस येथे जमीन फाटली आणि आठवडाभरात हा १३३ मीटरचा डोंगर उभा राहिला, त्याखाली त्रिपेर्गोले नावाचे गाव गाडले गेले. आमचा सह्याद्री कोट्यवधी वर्षांच्या लाव्ह्याच्या थरांचा; शिवरायांच्या जन्माच्या शंभर वर्षेही आधी नसलेला डोंगर पाहण्याची आम्हाला सवय नाही. वर चढायला वाट आहे, परंतु सहलीत चढाई नव्हती.

कूमा हे इटलीच्या भूमीवरच्या सर्वांत जुन्या ग्रीक वसाहतींपैकी एक. तेथला खडकात कोरलेला, कापलेल्या त्रिकोणासारख्या छेदाचा लांब बोगदा पुरातत्त्वज्ञ अमेदेओ मैउरी यांनी १९३२ मध्ये शोधला आणि तो भविष्य सांगणाऱ्या सिबिलेची गुहा असल्याचे मानले. तो लष्करी कामासाठी असावा असे मानणारे अभ्यासकही आहेत. पिवळा टफ दगड इतका मऊ की कोकणातल्या जांभ्याच्या चिऱ्यांसारखा हत्याराने तासता येतो. आम्हाला येथे चाळीस मिनिटे मिळाली. टेकडीवरच्या देवळांच्या जोत्यांपर्यंत आमच्यापैकी तिघेच पोहोचले.

बाइया हा रोमन श्रीमंतांचा हवा खाण्याचा गाव, आणि त्यातले निम्मे आज पाण्याखाली आहे. काचेच्या तळाच्या होडीतून बुडालेले अवशेष पाहण्याचा पर्याय होता, वाऱ्यामुळे तो रद्द झाला आणि त्याचे पैसे तक्रार न करता परत आले. हे नोंदवणे न्यायाचे आहे. पण जमिनीवर जे आहे तेच पुरेसे होते. ‘बुधाचे देऊळ’ असे चुकीचे नाव पडलेले हे वास्तविक स्नानगृहाचे दालन. त्याच्यावर साडेएकवीस मीटर व्यासाचा काँक्रीटचा घुमट आहे आणि तो रोमच्या पँथिऑन या प्रसिद्ध देवळाच्या घुमटापेक्षा शंभराहून अधिक वर्षांनी जुना आहे. खाली पाणी साचले आहे, आपण घुमटाच्या बुडाशी येऊन उभे राहतो, आणि हळू बोललेले वाक्य फिरून आपल्याच कानात येते. हिने तेथे रामरक्षेचे पहिले चरण म्हटले. गटातल्या दोन डच बहिणींनी ते पुन्हा म्हणायला लावले.

या घुमटाचे काँक्रीट ज्या राखेतून झाले ती याच खोऱ्यातली. बाइयाच्या आसपास अशी एक माती मिळते, जी चुन्यात आणि दगडगोट्यांत मिसळली असता समुद्राच्या पाण्यातसुद्धा घट्ट होते, असे रोमन वास्तुशास्त्रज्ञ व्हिट्रुव्हियसने दोन हजार वर्षांपूर्वी नोंदवले आहे. आपल्याकडे राख नव्हती, म्हणून आपण विटांचा भुगा वापरला आणि त्याला सुरखी म्हटले. ब्रिटिश काळातल्या कामांच्या जुन्या अंदाजपत्रकांत ‘चुना-सुरखी’ हा शब्द मी कितीदा तरी वाचला होता. भाजलेल्या मातीतली सिलिका चुन्याशी संयोग पावते, हीच ती क्रिया. आज तेच काम औष्णिक केंद्रातली राख पीपीसीच्या पोत्यात करते.

शेवटचा थांबा, बाकोलीचे पिशिना मिराबिलिस, या एका जागेसाठी मी ही सहल पुन्हा घेईन. मिसेनो येथे रोमन आरमाराचा तळ होता, आणि हे त्या भागाचे पाण्याचे जमिनीखालचे टाके: सुमारे सत्तर मीटर लांब, पंचवीस मीटर रुंद, पंधरा मीटर उंच, चार रांगांत अठ्ठेचाळीस खांब, साठवण १ कोटी २६ लाख लिटर. पाणी सुमारे शंभर किलोमीटर लांबीच्या कालव्यातून डोंगरांपलीकडून येत असे. निसरड्या पायऱ्या उतरून गेलो तर हवा गार, वरच्या झरोक्यांतून हिरवट उजेड, आणि खांबांच्या ओळी मशिदीतल्यासारख्या दूरवर गेलेल्या. मध्यभागी गाळ बसण्यासाठी मीटरभर खोल हौद ठेवला आहे. टाके धुताना गाळ तेथे लोटायचा. भिंतींना लालसर गिलावा आहे, त्यात कौलांचे तुकडे डोळ्यांनी दिसतात, म्हणजे सुरखीच. आणि जेथे भिंत जमिनीला मिळते तेथे कोपरा काटकोनात न ठेवता गोलाई दिली आहे. गच्चीच्या कोब्याला आपले गवंडी जो वाटा काढतात, तोच. बाकीचे लोक छताचे फोटो काढत होते. मी गुडघ्यावर बसून कोपऱ्याचे अकरा फोटो काढले. येथे वीस मिनिटे मिळाली. तीही बाईंनी चालकाची बोलणी खाऊन पाचाने वाढवून दिली.

जाणाऱ्यांसाठी व्यवहाराचे थोडे. गुडघे धड नसतील तर कूमा आणि पिशिना दोन्ही जड जातील. रबरी तळव्यांचे बूट घाला. रंगमंडळ, बाइया, तेथला किल्ला आणि कूमा यांचे एकत्र तिकीट मिळते आणि स्थानिक रेल्वेने पोत्सुओलीपर्यंत जाता येते, तेव्हा दोन दिवस हाताशी असतील तर स्वतः फिरा आणि मार्गदर्शक फक्त पोत्सुओलीपुरता घ्या. २०२५ च्या मार्चमध्ये तेथे साडेचारच्या आसपास तीव्रतेचा भूकंप झाला. निघण्यापूर्वी कोणती ठिकाणे उघडी आहेत हे संस्थेला नव्हे, त्या त्या स्थळाला विचारावे. सहलीनंतर पाठवू म्हणून सांगितलेली टिपणे तीन आठवड्यांनी, आठवण केल्यावर आली. त्यातला नकाशा चांगला आहे आणि मी तो अजून उघडतो.

परतल्यावर कोल्हापूरच्या टाऊन हॉल संग्रहालयात ब्रह्मपुरीच्या उत्खननात मिळालेली समुद्रदेव पोसायडनची छोटी कांस्यमूर्ती पुन्हा पाहून आलो. लहानपणापासून पाहिलेली, पण आपल्या मालाच्या बदल्यात रोमन बाजूच्या ज्या बंदरांतून जहाजे निघत होती, त्यांतले एक मोठे बंदर पोत्सुओली होते, हे पूर्वी नुसते वाचले होते.

मे महिन्यात घराच्या गच्चीचे काम काढले. पावसाळ्यापूर्वी कोबा करायला आलेल्या गवंड्याला मी पिशिनातल्या कोपऱ्याचा फोटो दाखवला आणि हे दोन हजार वर्षांपूर्वीचे टाके असल्याचे सांगितले. त्याने फोटो बोटांनी मोठा करून बराच वेळ पाहिला. ‘वाटा जरा बारीक काढलाय की, साहेब,’ असे म्हणून तो थापी घेऊन कामाला लागला.