पोलीस म्हणतात दिवाणी, आणि माझे ६,५०,००० गेले

एकच प्लॉट दोघांना विकायचा प्रकार तुम्हाला ठाऊक असेलच; माझ्याशीही तेच झालं, म्हणून ते उगाळत बसत नाही. मला जे लिहायचंय ते पैसे गेल्यानंतरचं.

2000 चौरस फूट एन.ए. (बिगरशेती) प्लॉट, ठरलेली किंमत 18,00,000. विसार 6,50,000, त्यातले 4,00,000 चेकने, 2,50,000 रोख. (रोख देऊ नका. साठेखतात, म्हणजे पुढे विकण्याच्या करारात, फक्त चेकचा आकडा आला. पोलिसांनी पहिला प्रश्न मला विचारला तो रोख कुठून आणली याचा, विकणाऱ्याला नाही.) साठेखत नोटरीकडे झालं. "नोंदणी थेट खरेदीखताचीच करू, मुद्रांक दोनदा कशाला भरायचा?" असं विकणारा म्हणाला. साठेखतावर भरलेला मुद्रांक खरेदीखतात वळता होतो, हे मला नंतर वकिलांनी सांगितलं.

सातबारा मी स्वतः काढला होता, डिजिटल स्वाक्षरीचा. इतर हक्कांच्या रकान्यात काही नाही, फेरफार नोंदी (मालकी बदलल्याच्या) जुळत होत्या. आणखी काय बघायचं माणसाने? पण नोंदलेलं साठेखतसुद्धा सातबाऱ्यावर सहसा चढत नाही. ते सापडतं सूची क्रमांक 2 मध्ये, म्हणजे नोंदणी कार्यालयाच्या दस्तांच्या यादीत, आणि ती तपासून मिळणारा शोध अहवाल तर "खरेदीच्या वेळी" काढायचा ठरला होता. पैसे द्यायच्या आधी काढा, एवढंच सांगतो.

आणि ते लॅमिनेशन! तुमच्या नावाचं मूळ खरेदीखत दाखवा म्हटलं तर त्याने लॅमिनेट केलेली रंगीत झेरॉक्स पुढे केली. नोंदणी कार्यालयाचा शिक्का प्लास्टिकखाली सपाट, दाबाची खूण नाही. मी बोट फिरवून पाहिलं होतं, हेच डोक्यातून जात नाही. मी मूळ प्रतीचा हट्ट धरल्यावर त्याने बायकोला फोन लावला, स्पीकरवर. "अगं, लॉकरची किल्ली कुठेय?" ती म्हणाली, "दादांकडे, ते गावाला गेलेत." इतकं सहज! तेवढ्यावर कोण संशय घेईल? मूळ कागद तेव्हा पहिल्या खरेदीदाराच्या कपाटात होते. त्याचं साठेखत माझ्या आधी वर्षभर नोंदलेलं, रीतसर.

ठाण्यात साहेबांनी अर्ज अर्धाही वाचला नाही. "दिवाणी मॅटर आहे, कोर्टात जा." दिवाणीवाले वकील म्हणाले, दावा लावू, पण वर्षं जातील. दरम्यान मी प्लॉटवर चार सिमेंटचे खांब रोवले, तर त्या विकणाऱ्यानेच माझ्याविरुद्ध बेकायदा प्रवेशाची तक्रार दिली आणि दुसऱ्या दिवशी मला त्याच ठाण्यातून फोन. ते बरं दिवाणी नव्हतं! त्याच टेबलावर, त्याच साहेबांनी मला कलम ऐकवलं.

माझ्या अर्जात "पैसे घेऊन खरेदीखत करून देत नाही" असं होतं. हे वाक्य लिहू नका. ते करारभंगाचं वाक्य आहे, त्यावर पोलिसांना हात झटकता येतात. फसवणुकीला सुरुवातीपासूनचा हेतू दाखवावा लागतो. म्हणजे लिहायचं असं, की माझ्याकडून पैसे घेतले त्याआधीच हाच प्लॉट त्याने अमुक दस्त क्रमांकाने दुसऱ्याला लिहून दिला होता आणि ते लपवलं. सोबत सूची 2 ची प्रत. आता भारतीय न्याय संहितेचं कलम 318(4), पूर्वीचं 420. दिवाणी दावा चालू शकतो म्हणून गुन्हा होत नाही, असं कायदा कुठेही म्हणत नाही. सर्वोच्च न्यायालयाने हे कितीदा तरी सांगितलंय. 2013 च्या ललिता कुमारी निकालात दखलपात्र गुन्हा (ज्यात पोलीस कोर्टाच्या आदेशाशिवाय तपास करू शकतात) दिसला तर नोंदवलाच पाहिजे असं म्हटलंय. साहेबांना मी तो निकाल दाखवला. "व्यवहाराच्या भांडणात आधी चौकशी करता येते, हेही त्यातच आहे," म्हणाले. वाचलेला होता तर!

ती चौकशी अजून चालू आहे. कोण करतंय, कोणाला माहीत नाही. पोलीस अधीक्षकांना रजिस्टर पोस्टाने अर्ज गेला, पोचपावती आली, उत्तर नाही. आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या, म्हणजे फौजदारी प्रक्रियेच्या कायद्याच्या, कलम 175(3) खाली दंडाधिकाऱ्यांपुढे शपथपत्रासह अर्ज केलाय. तिथे अधीक्षकांना दिलेल्या अर्जाची प्रत लागतेच, त्यामुळे अर्ज मिळाल्याचा आवक क्रमांक घेतल्याशिवाय कुठल्याही टेबलावरून उठू नका.

पैसे परत मिळायचा दावाही वेगळा लावलाय. पोलीस बघतायत म्हणून थांबलो असतो तर तोही गेला असता. तीन वर्षांची मुदत फौजदारी अर्जासाठी थांबत नाही.