टँकरची उधारी आणि वकीलबाई: पाचपैकी चार तारे

वाघोलीत माझे दोन टँकर आहेत, दहा हजार लिटरचे. खराडीतल्या एका हॉटेलात फेब्रुवारी ते मे पाणी टाकलं. दिवसाला दोन-तीन खेपा, लग्नसराईत चार. एकूण 349 खेपा, बाराशेच्या दराने 4,18,800 रुपये. मालकाचं उत्तर ठरलेलं, "महिनाअखेर करतो, भाऊ." जूनमध्ये पाऊस पडला, त्यांच्या बोअरला पाणी आलं आणि आमचा फोन उचलणं बंद झालं. वीजवाले निदान वायर तरी कापतात. मी टाकीत ओतलेलं पाणी परत कसं काढणार?

मेव्हण्याच्या ओळखीने शिवाजीनगर कोर्टाजवळच्या या वकीलबाईंकडे गेलो. मी तावातावाने म्हणालो, त्याच्यावर पोलीस केस टाका. बाईंनी चहा मागवला आणि विचारलं, "दादा, चलनं कुठायत?"

चलनबुकं ड्रायव्हरच्या सीटखाली, डिझेलने माखलेली. ती नेली तर म्हणाल्या, प्रत्येक पानावर सही कुणाची आहे ते लिहून आणा. मी आणि बायको तीन रात्री बसलो. बहुतेक सह्या हॉटेलच्या वॉचमनच्या, काही किचनमधल्या पोराच्या. 31 पानं कोरी निघाली. बाई शांतपणे म्हणाल्या, "त्या 31 खेपांवर पाणी सोडा." टँकरवाल्याला हे सांगतात! पण दावा 3,81,600 चाच केला आणि पुढे तेच बरं झालं.

3 लाखांच्या वरचा व्यापारी वाद असला आणि तातडीचा मनाई हुकूम वगैरे काही मागायचा नसला, तर दाव्याआधी मध्यस्थीचा अर्ज करावाच लागतो, हे मला इथेच कळलं. अर्जाची फी 1,000 रुपये. हॉटेलवाला दोन्ही नोटिसांना आलाच नाही. मला वाटलं महिने वाया गेले. बाईंनी 'मध्यस्थी झाली नाही' असा अहवाल घेतला, दाव्याला जोडला आणि दावा लावला.

समन्स मिळाल्यावर मात्र हॉटेलवाला हलला. अशा दाव्यात लेखी जबाब फार तर 120 दिवसांत द्यावा लागतो, नंतर कोर्ट घेत नाही. त्यांच्या वकिलाने आधी 'पाणी कमी यायचं' असं सुरू केलं. बाईंनी वॉचमनच्या सह्यांची पानं पुढे सरकवली. पुढच्या आठवड्यात मालकाचा स्वतःहून फोन, "भाऊ, बसून मिटवू." साडेतीन लाखांवर मिटलं, तीन हप्त्यांत, तडजोड कोर्टात लिहून दिलेली. दोन हप्ते आलेत.

एक तारा का कापला? बाई फोन उचलत नाहीत, ज्युनियर उचलतो आणि त्याला आपली केस कुठली तेच आठवत नाही. झेरॉक्सचं बिल वेगळं लावतात. एक गोष्ट त्यांनी सांगितली ती अजून सलते: माझी उद्यम नोंदणी (छोट्या धंद्यांची सरकारी नोंदणी) पाणी टाकायच्या आधीची असती, तर 45 दिवसांच्या पुढच्या थकबाकीवर रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट चक्रवाढ व्याज मागता आलं असतं. मी नोंदणी केली जुलैमध्ये. यात त्यांची काही चूक नाही, तारा त्यासाठी कापलेला नाही.

ऑफिस दुसऱ्या मजल्यावर आहे, लिफ्ट नाही. जाताना चलनबुकं पिशवीत घालूनच न्या, नाहीतर परत पाठवतात. मला पाठवलं होतं.