मोफत औषधाची कस्टम ड्यूटी

मी चौतीस वर्षे बँकेत काढली आणि त्यांतील अखेरची सहा वर्षे इंदूरच्याच एका शाखेचा व्यवस्थापक होतो. अनोळखी माणसाच्या सांगण्यावरून पैसे पाठवू नका, असे बजावणारा फलक माझ्या खुर्चीच्या मागे भिंतीवर लावलेला असे. त्यामुळे पुढील हकिकत लिहिताना मला संकोच होतो. परंतु याच संकोचापायी मी चार दिवस तोंड मिटून बसलो होतो आणि त्या चार दिवसांची किंमत माझ्या पत्नीने मोजली, म्हणून तो बाजूला ठेवून लिहितो आहे.

सौ.ला २०२५च्या जूनमध्ये फुप्फुसाच्या कर्करोगाचे निदान झाले. ती आयुष्यात कधी तंबाखूला शिवलेली नाही. मात्र हा आजार धूम्रपान न करणाऱ्यांनाही होतो. अशा रुग्णांपैकी अनेकांच्या गाठीत ईजीएफआर नावाच्या जनुकात बदल आढळतो आणि तो आढळल्यास सलाइनमधून द्यायच्या केमोऐवजी रोजच्या एका गोळीवर उपचार करता येतात, हे आम्हाला त्या वेळी कळले. तिच्या तपासणीत तो बदल सापडला आणि डॉक्टरांनी ओसिमर्टिनिबची ८० मिलिग्रॅमची गोळी रोज एक, न चुकता, अशी लिहून दिली. पहिल्या महिन्याच्या तीस गोळ्यांसाठी मी मुदत ठेव मोडली. ८ जुलैच्या रात्री तिने पहिली गोळी घेतली आणि मी स्वयंपाकघरातल्या दिनदर्शिकेवर त्या तारखेला बरोबरची खूण केली.

त्याच भेटीत डॉक्टरांनी सांगितले होते की, कंपनीची स्कीम आहे. ठराविक गोळ्या विकत घेतल्यावर पुढच्या मोफत मिळू शकतात, त्यासाठी रुग्णालयातील कोऑर्डिनेटर कागदपत्रांची यादी देतील, ती घेऊन ४ ऑगस्टला या. एवढे स्पष्ट सांगितलेले असताना मी वाट पाहिली नाही. बाहेर साठ माणसे खोळंबलेली असताना डॉक्टरांना पुन्हा पुन्हा काय विचारायचे, हा आपल्याकडचा भिडस्तपणा त्याला कारणीभूत आहे. स्कीम खरी असते याविषयी मला शंका नव्हती, कारण बँकेतल्या माझ्या एका सहकाऱ्याला रक्ताच्या कर्करोगावरील ग्लिव्हेक हे औषध नोव्हार्टिस कंपनीच्या अशाच कार्यक्रमातून कित्येक वर्षे विनामूल्य मिळत होते. खऱ्या गोष्टीची ही अर्धी माहितीच पुढे घातक ठरली.

२४ जुलैच्या रात्री मी मोबाइलवर औषधाचे नाव, 'मोफत' आणि 'हेल्पलाइन' असे शब्द घालून शोध घेतला. सर्वांत वर जो दुवा आला, तो जाहिरातीचा होता, हे आज मला माहीत आहे. त्या रात्री मी तेवढे पाहिले नाही. उघडलेल्या पानावर कंपनीचे बोधचिन्ह, एका प्रसन्न वृद्ध जोडप्याचे छायाचित्र आणि एक अर्ज होता. त्यात मी सौ.चे नाव, वय, बायोप्सीचा व जनुक तपासणीचा अहवाल, तिचे व माझे आधारकार्ड, निवृत्तिवेतनाची पावती आणि पासबुकाचे पहिले पान असे सगळे भरभरून दिले. आमच्याकडे कर्ज मागायला आलेल्या माणसाने इतकी कागदपत्रे एका दमात दिली असती, तर मला आनंद झाला असता.

दुसऱ्या दिवशी सकाळी फोन आला. प्रारंभीची दोन वाक्ये हिंदीत झाली आणि माझे आडनाव वाचून समोरच्या तरुणाने विचारले, ''काका, आपण मराठी ना? मग मराठीतच बोलू या.'' इंदूरमध्ये राहणाऱ्या मराठी माणसाला यात काय आहे ते सांगावे लागणार नाही. घरात मराठी आणि दाराबाहेर हिंदी अशी आमची तिसरी पिढी चालली आहे. एखाद्या कार्यालयातून आलेल्या फोनवर स्वच्छ, पुणेरी वळणाचे मराठी ऐकले की आपला माणूस भेटल्यासारखे होते. त्याने सौ.च्या प्रकृतीची चौकशी केली, गोळीने अंगावर पुरळ येते का, जुलाब होतात का, असे विचारले. हे त्या औषधाचे नेहमीचे त्रास आहेत आणि सौ.ला पुरळ आलेही होते. त्यामुळे हा माणूस जाणकार आहे अशी माझी खात्री पटली. ही माहिती औषधाच्या खोक्यातल्या कागदावर छापलेली असते, हे मात्र सुचले नाही.

नोंदणीसाठी २,५०० रुपये, तेही पहिला डबा मिळाल्यावर परत, असे ठरले आणि मी ते पाठवले. मग त्याने अगदी सहज एक सूचना केली. ''काका, एका पेशंटच्या नावावर दोन ठिकाणी अर्ज गेले तर सिस्टीम दोन्ही रद्द करते. तेव्हा हॉस्पिटलमधून वेगळा फॉर्म भरू नका आणि तिथे याचा उल्लेखही करू नका.'' सगळ्या प्रकरणात सर्वांत कावेबाज वाक्य कोणते, असे कोणी विचारले तर मी पैशांच्या मागणीकडे बोट दाखवणार नाही, या वाक्याकडे दाखवीन. खऱ्या आणि खोट्याचा फरक एका मिनिटात सांगू शकणारी जी दोन माणसे होती, म्हणजे डॉक्टर आणि कोऑर्डिनेटर, त्यांच्यापासून त्याने आम्हाला तोडले. ४ ऑगस्टची भेट मी स्वतःहून रद्द केली.

२९ जुलैला बोधचिन्ह, शिक्का व नोंदणी क्रमांक असलेले मंजुरीपत्र व्हॉट्सअ‍ॅपवर आले. सहा महिन्यांचे औषध परदेशातून निघाले असून त्यावरील कस्टम ड्यूटीचे १८,६०० रुपये रुग्णाने भरायचे आहेत, असे त्यात लिहिले होते. पैसे पाठवताना पडद्यावर कंपनीचे नाव न येता कुठल्याशा ट्रेडर्सचे नाव आले. मी विचारले, तेव्हा ते क्लीअरिंग एजंटचे खाते आहे असे उत्तर मिळाले. बंदरावर माल सोडवणारे असे एजंट असतात, हे मी बँकेत पाहिलेले होते. म्हणून उत्तर पटले. काहीच ठाऊक नसलेला माणूस कदाचित तिथे थांबला असता.

६ ऑगस्टच्या रात्री तिसावी गोळी संपली. ''येईल दोन दिवसांत,'' असे मी सौ.ला सांगितले. ८ ऑगस्टला, म्हणजे रक्षाबंधनाच्या आदल्या दिवशी, शीतपेटीसाठी म्हणून ४,९०० रुपये मागितले गेले आणि तेही मी दिले. या गोळ्यांना शीतपेटी लागतच नाही. आमच्याकडे त्या महिनाभर देवघराशेजारच्या कपाटात साध्या हवेत ठेवलेल्या होत्या आणि मी रोज त्या हाताने काढून देत होतो. डोळ्यांसमोरची गोष्ट दिसू नये, अशी त्या दिवसांत माझी अवस्था होती.

१४ ऑगस्टला विम्याची अनामत म्हणून ३१,००० रुपयांची मागणी आली, तेव्हा प्रथमच मी थबकलो. १६ तारखेला दुपारी, कशासाठी ते सांगता येणार नाही, मी माझी कात्रणांची फाइल काढली. दर वर्षीच्या अर्थसंकल्पाची कात्रणे जपून ठेवायची मला जुनी सवय आहे. जुलै २०२४च्या अर्थसंकल्पाच्या बातमीत तीन कर्करोगविरोधी औषधांवरील सीमाशुल्क, म्हणजेच कस्टम ड्यूटी, पूर्णपणे माफ केल्याचे छापले होते आणि त्या तिन्हींत ओसिमर्टिनिबचे नाव होते. मीच त्याखाली कधीतरी पेन्सिलीने रेघ ओढलेली होती. तेव्हा हे औषध आमच्या घरात येईल असे स्वप्नातही नव्हते. त्याच्या मागचे कात्रण १ फेब्रुवारी २०२५चे होते. औषध कंपन्यांच्या रुग्ण साहाय्य कार्यक्रमांतून रुग्णांना विनामूल्य दिल्या जाणाऱ्या ठराविक औषधांना सीमाशुल्क माफ असते आणि त्या यादीत आणखी ३७ औषधे व १३ नवे कार्यक्रम घातले, असे त्यात होते. म्हणजे ज्या औषधावर शुल्क नाही, ते ज्या मार्गाने येते म्हणून मला सांगितले जात होते त्या मार्गावर तर सवलतीची खास तरतूद आहे, आणि शुल्क असतेच तरी ते माल आणणाऱ्या कंपनीने बंदरावर भरायचे असते. घरबसल्या रुग्णाकडे त्याचे बिल येत नाही. १८,६०० रुपयांची पावती आणि ही दोन कात्रणे मी टेबलावर शेजारी शेजारी ठेवून बराच वेळ बसून राहिलो.

खरे तर त्याच क्षणी मी रुग्णालयात जायला हवे होते. गेलो नाही. पुण्याच्या मुलाला कळले तर तो काय म्हणेल, बँकेतले जुने लोक काय म्हणतील, हेच डोक्यात घोळत राहिले. सौ. रोज रात्री जेवणानंतर ''अहो, आज तरी आले का?'' असे विचारी आणि मी कुरिअरवाल्याला दोष देई. असे चार दिवस गेले. २० ऑगस्टला सकाळी तिला धाप लागल्यासारखे वाटले, तेव्हा मी सगळे सांगून टाकले. ती रागावली नाही. ''आधी डॉक्टरांकडे चला,'' एवढेच म्हणाली आणि साडी बदलायला गेली.

डॉक्टरांनी पैशांचे काहीच विचारले नाही. त्यांनी फाइल उघडली आणि विचारले, ''कितने दिन से गोली बंद है?'' तेरा दिवस. मी तोंडाने आकडा सांगितला, तेव्हा तो मला पहिल्यांदा नीट ऐकू आला. दिनदर्शिकेवर ७ ऑगस्टपासून १९ ऑगस्टपर्यंतचे चौकोन कोरे आहेत. धाप त्या खंडामुळेच लागली असे म्हणता येणार नाही, असे त्यांनी तपासून सांगितले. पण अशा औषधात खंड पडणे बरे नसते, हेही सांगितले. त्याच दिवशी काही गोळ्या विकत घेतल्या आणि रात्री पुन्हा सुरुवात केली.

खरा अर्ज कसा भरला जातो तेही त्या दिवशी पाहिले. रुग्णालयातील कोऑर्डिनेटरने तो स्वतः भरला. डॉक्टरांची सही, नोंदणी क्रमांक आणि रुग्णालयाचा शिक्का यांशिवाय तो पुढे जातच नाही. आमच्याकडून निदानाचे अहवाल, ओळखपत्र, उत्पन्नाचा पुरावा आणि आधी विकत घेतलेल्या गोळ्यांची पक्की बिले मागितली. शुल्क म्हणून एक रुपयाही घेतला नाही. औषध घरी न येता रुग्णालयाच्या औषधालयात येते, दर खेपेला डॉक्टरांची ताजी चिठ्ठी लागते आणि आधीच्या खेपेची रिकामी वेष्टने परत द्यावी लागतात. ही शेवटची अट मला प्रथम जाचक वाटली. परंतु मार्च २०२४ मध्ये दिल्ली पोलिसांनी जी टोळी पकडली होती, ती महागड्या कर्करोगविरोधी इंजेक्शनांच्या रिकाम्या बाटल्या मिळवून त्यांत भलतेच औषध भरून विकत होती, हे आठवल्यावर रिकामे खोके घरातल्या कचऱ्यात न टाकण्याचे महत्त्व कळले.

त्याच संध्याकाळी सायबर फसवणुकीसाठीच्या १९३० या मदत क्रमांकावर तक्रार नोंदवली आणि सायबर गुन्ह्यांच्या राष्ट्रीय पोर्टलवर पैसे पाठवल्याच्या पावत्या चढवल्या. या क्रमांकाचा उपयोग पहिल्या काही तासांत सर्वांत जास्त असतो, कारण पैसे एका खात्यातून दुसऱ्यात आणि तिथून तिसऱ्यात पळत असतात व ते जिथे सापडतील तिथे गोठवता येतात. माझ्या २६,००० रुपयांपैकी ४,९०० रुपये एका खात्यात अडकलेले सापडले. ते न्यायालयाचा आदेश झाल्यावर मिळतील, असे तेव्हा सांगण्यात आले. बाकीचे निघून गेले होते. पोलीस ठाण्यातील तरुण अधिकाऱ्याने माझा व्यवसाय विचारला, मी सांगितला, आणि त्याने सौजन्याने मान खाली घालून लिहिणे चालू ठेवले.

यानंतर आठवड्याने आणखी एक फोन आला. मी सायबर शाखेतून बोलतो आहे, तुमचे गोठवलेले पैसे सोडवायचे असतील तर १,५०० रुपये प्रक्रिया शुल्क भरा, असे तो म्हणाला. त्याला माझ्या तक्रारीची रक्कम तंतोतंत ठाऊक होती, आणि ती ठाऊक असणारी पहिली मंडळी अर्थातच ती होती ज्यांनी ती घेतली. या वेळी मी पैसे दिले नाहीत. पण क्षणभर हात मोबाइलकडे गेला होता, हे कबूल केले पाहिजे.

पैशांपेक्षा कागदपत्रांचा घोर अधिक काळ टिकणारा आहे. आधारचे बायोमेट्रिक आम्ही दोघांनी लॉक केले, दूरसंचार विभागाच्या संचार साथी पोर्टलवर आमच्या नावे किती सिमकार्डे आहेत ते पाहिले, आणि माझ्या नावावर कोणी कर्ज उचलले नाही ना, हे दर काही महिन्यांनी पाहतो. अहवाल मात्र परत घेता येत नाहीत. सौ.चे नाव, वय आणि आजार आता कुठल्या कुठल्या याद्यांत फिरत आहेत कोण जाणे; आठवड्यातून एखादा तरी फोन येतो, कोणी काढा विकतो, कोणी विमा, कोणी दुसऱ्या एखाद्या स्कीमची नोंदणी. परवा असाच फोन आला तेव्हा मी दवा बाजारात गेलो होतो आणि तो सौ.ने घेतला. पलीकडच्या माणसाने तिचेच नाव घेऊन त्या पेशंटची तब्येत आता कशी आहे, असे विचारले. ''त्या गावाला गेल्या आहेत,'' असे सांगून तिने फोन ठेवला आणि तव्यावरची पोळी उलटली.