घरच्या पीसीवर ‘मुस्तफा’: मेम काही महिने वापरल्यावर

नव्वदीतले आर्केड गेम चालवायला तगडा पीसी लागतो, हा समज आधी डोक्यातून काढा. स्ट्रीट फायटर टू (१९९१) ज्या बोर्डवर चालायचा, त्यातला मोटोरोलाचा ६८००० प्रोसेसर होता १० मेगाहर्ट्‌झचा. माझ्या साध्या, ग्राफिक्स कार्ड नसलेल्या पीसीवर मेम (MAME), म्हणजे पार्लरमधल्या जुन्या मशीनची नक्कल करणारं सॉफ्टवेअर, तो आरामात पळवतं. खरी मेख आहे स्क्रीनमध्ये.

मॉर्टल कोम्बॅटचं (१९९२) मूळ मशीन सेकंदाला साधारण ५४.७ वेळा चित्र काढायचं. आपला नेहमीचा मॉनिटर काढतो ६० वेळा. हे गणित बसत नाही, म्हणून व्ही-सिंक (चित्र मॉनिटरच्या वेगाशी जुळवणारी सेटिंग) चालू असेल तर हालचाल अडखळते आणि बंद असेल तर चित्र आडवं फाटतं. सेटिंग बदलून बदलून मी कंटाळलो होतो. फ्रीसिंकवाला, म्हणजे गेमच्या वेगाप्रमाणे स्वतःचा वेग बदलणारा, मॉनिटर आणला आणि तो त्रास संपला. सोबत मेममधली ‘लो लेटन्सी’ सेटिंग चालू ठेवा, बटण दाबल्यापासून ठोसा बसेपर्यंतचा उशीर कमी होतो. माझ्या मते पैसे घालायचेच तर मॉनिटरमध्ये घाला.

चित्र ताणून पूर्ण स्क्रीन भरायचा मोह टाळा. स्ट्रीट फायटरच्या त्या कॅपकॉम कंपनीच्या बोर्डचं चित्र ३८४ बाय २२४ पिक्सेलचं, पण दिसायचं ४:३ च्या ट्यूबवर. मेम तेच प्रमाण राखतं. ताणलं की सगळे पैलवान बुटके दिसतात.

आता ‘मुस्तफा’, म्हणजे कॅडिलॅक्स अँड डायनोसॉर्स (१९९३). ज्या गेमसाठी आपल्याकडच्या पोरांनी पार्लरमध्ये खाऊचे पैसे घातले, तो घरच्या कन्सोलवर अधिकृतपणे कधी आलाच नाही. म्हणून मला मेमचं मोल फार वाटतं. निकोला साल्मोरिया या इटालियन प्रोग्रॅमरने १९९७ साली ते सुरू केलं नसतं, तर असे कितीतरी गेम बोर्डांबरोबरच संपले असते. या गेमचा आवाज क्यूसाउंड चिपमधून येतो, आणि नवं मेम त्या चिपची फाइल वेगळी मागतं. ती नसेल तर गेम सुरूच होत नाही.

रॉमचा, म्हणजे गेमच्या बोर्डवरून उतरवलेल्या फाइलींचा, संच आणि मेमची आवृत्ती जुळलेलीच हवी. नवी आवृत्ती जवळपास दर महिन्याला येते, तरी सगळं नीट चालत असेल तर उगाच अपडेट करू नका.

कीबोर्डवर कॉइनसाठी ५, स्टार्टसाठी १. दोघांनी एकाच कीबोर्डवर खेळायचं म्हटलं, तर स्वस्त कीबोर्ड एका वेळी दाबलेल्या सगळ्या कळा ओळखत नाही आणि ऐन मारामारीत गेममधल्या मुस्तफाची लाथ निघत नाही. दुसऱ्यासाठी एक यूएसबी गेमपॅड घ्याच.